भिंगरी आणि चष्मेवाली

भिंगरीचं खरं नाव शाळेच्या दाखल्यावर होतं, पुढं पगाराच्या कागदावर होतं, आणि वर्षातून एकदा ते लाउडस्पीकरवर चुकीचं उच्चारलं जायचं. एरवी हाक मारायला ते कुणाच्या कामी आलं नाही. भिंगरी हे नाव पाडलं ड्रिलमास्तरांनी.

त्याचं असं झालं. तिचे वडील एका फर्निचरच्या दुकानाचा माल घरोघर पोचवायचे. कपाटं, पलंग, लिहायची टेबलं. सुटीच्या दिवशी जोडीदार आला नाही की ते मुलीला बरोबर न्यायचे, कारण चौदाव्या वर्षीच ती बापाच्या डोक्यावरून बघायला लागली होती आणि वजनाला कधी नाही म्हणत नव्हती. एका रविवारी बापलेकीनं मिळून एक भलंमोठं टेबल तिसऱ्या मजल्यावर चढवलं. घर निघालं शाळेतल्या ड्रिलमास्तरांचं. मुलगी त्यांच्याच तासाला मागच्या ओळीत उभी असायची, पण मास्तरांनी तिच्याकडं धड बघितलं ते त्या दिवशी. वडील घाम पुसत पायरीवर बसले होते. मास्तरांच्या बायकोला आठवलं की जुनं टेबल खाली न्यायचं राहिलंय. पोरीनं कुणालाही न विचारता ते उलटं करून डोक्यावर घेतलं आणि जिना उतरून गेली.

"भिंतीला कुठं लागलं का?" मास्तरांनी बायकोला विचारलं.

"ओरखडासुद्धा नाही."

मुलगी वर आली तेव्हा मास्तर म्हणाले, "उद्या शाळा सुटल्यावर मैदानावर थांब. घाबरू नकोस, टेबल उचलायचं नाही."

दुसऱ्या दिवशी त्यांनी तिच्या हातात थाळी ठेवली. लाकडाची, कडेनं लोखंडी पट्टी, वजन बरोबर एक किलो. पहिले आठ दिवस ती थाळी तिच्या हातातून नुसती पडली. थाळी धरायची नसते, बोटांच्या शेवटच्या पेरांवर टेकवायची असते, आणि हिला तर जन्मापासून धरायचीच सवय. मग मास्तरांनी शाळेच्या हॉलमधे फरशीवर खडूनं गोल काढला, गोलात पावलं काढली, पावलांना नंबर घातले, आणि दोन महिने तिला थाळीशिवाय नुसतं फिरायला लावलं. मुलं खिडकीला लटकून खिदळायची. ती पडली की टाळ्या वाजवायची. एक दिवस तिची पावलं नंबर विसरली. ती फिरली, थांबली, आणि जागची हलली नाही.

"ही बघा माझी भिंगरी!" मास्तर ओरडले. खिडकीतल्या मुलांनी ते उचललं, आणि नाव चिकटलं ते चिकटलंच.

थाळीफेक शिकणं म्हणजे काय, हे घरात कुणाला नीटसं कळलं नाही. आई म्हणायची, "फेकते तर फेकते, पण परत आणायला पण हिलाच जावं लागतं." आईचं म्हणणं चुकीचं नव्हतं. फेक दीड सेकंदाची आणि चालणं दीड मिनिटाचं. भिंगरीच्या आयुष्याचा हिशेब मांडायचा झाला तर तिनं फेकलं कमी आणि चालली जास्त. पाण्याच्या टाकीमागं एक रिकामं मैदान होतं. तिथं पाच थाळ्या घेऊन जायचं, पाच फेकायच्या, पाच वेचायच्या, परत यायचं. सुरुवातीला गवतात मास्तर उभे असायचे. हात वर करून ओरडायचे, "इथं!" किंवा नुसतीच मान हलवायचे. ती पंचवीस वर्षांची असताना मास्तर निवृत्त होऊन लेकाकडं दुसऱ्या शहरात राहायला गेले. जाताना म्हणाले, "आता तुला माझी गरज नाही, पोरी." हे त्यांनी कौतुकानं म्हटलं होतं. दोन वर्षांनी ते वारले, तेव्हा ती स्पर्धेला गेली होती. तिला कळलं ते पाच दिवसांनी.

पण ते नंतरचं. आधी चष्मेवालीचं सांगायला हवं.

भिंगरी एकोणीस वर्षांची असताना पहिल्यांदा राष्ट्रीय स्पर्धेला गेली. तिथं तिच्याइतकीच उंच, तिच्याहून सहा वर्षांनी मोठी एक बाई बाकाच्या टोकाला बसून संत्रं सोलत होती. डोळ्यांवर जाड भिंगांचा चष्मा, आणि तो पडू नये म्हणून डोक्यामागं काळ्या इलॅस्टिकनं करकचून बांधलेला. ती उठली, चष्म्याला एक बोट लावलं, फिरली, आणि थाळी अशी गेली की भिंगरीनं बाकाचा काठ धरला. त्या वर्षी चष्मेवाली पहिली आली, भिंगरी तिसरी. पुढच्या वर्षी भिंगरी पहिली आणि चष्मेवाली दुसरी. आणि ते वर्ष धरून सलग अकरा वर्षं तोच निकाल. वर्तमानपत्रवाल्यांना बातमीतली वर्षं तेवढी बदलावी लागायची.

या अकरा वर्षांत दोघी एकमेकींशी काय बोलल्या, हे भिंगरीला तोंडपाठ होतं, कारण ते फार नव्हतंच. "चिकटपट्टी आहे का?" "घ्या." "आता नंबर कुणाचा?" "त्या लहान मुलीचा." एकदा चष्मेवालीनं संत्र्याच्या चार फोडी पुढं केल्या होत्या. एकदा भिंगरीच्या बुटाची नाडी तुटली, तेव्हा तिनं पिशवीतून नवी काढून दिली. संपलं.

पण दुसरं एक होतं. मैदानावर त्या वेळी धावण्याच्या शर्यती चालू असत. सगळे लोक तिकडं, कॅमेरे तिकडं, आरडाओरडा तिकडं. जाळीच्या पिंजऱ्यात उभी राहून फिरणारी बाई कोपऱ्यात कुठंतरी असायची. पंच टेप लावायचे, झेंडा वर करायचे, आणि पुन्हा शर्यतीकडं मान वळवायचे. अशा वेळी भिंगरीची पाळी आली की चष्मेवाली इलॅस्टिक सोडवायची, चष्मा काढायची, बनियनच्या टोकानं दोन्ही भिंगं पुसायची, पुन्हा बांधायची आणि बघायची. थाळी हातातून सुटल्यापासून गवतात आपटेपर्यंत बघायची. फेक चांगली गेली असेल तर तिची हनुवटी जराशी खाली यायची. बिघडली असेल तर ती संत्र्याकडं वळायची. एवढ्या मोठ्या मैदानात भिंगरीची थाळी कुठून निघाली आणि कुठं गेली हे बघणारी ती एकटी होती. भिंगरी अंतराचा आकडा ऐकायच्या आधी त्या हनुवटीकडं बघायची. आकडा नंतर त्याच्याशी जुळायचाच.

बाकी आयुष्य चारचौघांसारखं चाललं होतं. खेळाडू म्हणून तिला पार्सल ऑफिसात नोकरी लागली. वजनकाटा, शिक्के, सुतळी, पत्त्यांप्रमाणं लावलेले लाकडी खण. तिथं तिला सगळे 'चॅम्पियन' म्हणायचे, आणि चॅम्पियनची आठवण त्यांना कपाट सरकवायचं असलं की हटकून व्हायची. देशाबाहेर ती दोनदा गेली. एकदा बारा जणींत नववी आली, एकदा अकरावी. परत आल्यावर साहेबांनी हातात फुलं देऊन विचारलं, "मग, तिकडं हवा कशी होती?" एकदा स्पर्धेला मोजणीसाठी आलेल्या एका सर्व्हेयरशी तिची ओळख वाढली. सहा महिने दोघं रविवारी चहाला भेटत होते. भला माणूस, पण तो बदलीवर आणि ही सरावावर. शेवटी पत्रं पातळ होत होत थांबली. वडील वारले. धाकट्या भावानं लग्न केलं. तो, भावजय आणि आई खाली राहू लागले, ती वरच्या एका खोलीत. खोली चांगली होती, दोन खिडक्यांची. पलंग मात्र वडिलांनी दुकानातून मोठ्या मापाचा करून आणला होता, तो सोडला तर सगळं सामान इतरांच्या मापाचं.

बाराव्या वर्षी चष्मेवाली आली नाही.

भिंगरीनं आधी बाक बघितलं. मग यादी बघितली. यादीत नाव नव्हतं. पंचांना विचारलं तर ते म्हणाले, "नाही आल्या वाटतं. तुम्हाला बरंच झालं की हो!" बाकाच्या टोकाला अठरा वर्षांची एक मुलगी पाय पसरून फोनमधे तोंड घालून बसली होती.

पहिल्या तिन्ही फेकी बेताच्याच गेल्या. त्यासुद्धा पहिला नंबर मिळवायला पुरेशा होत्या, कारण बाकीच्या मुली पंचेचाळीसच्या पुढं जात नव्हत्या. चौथ्या फेकीला ती गोलात उभी राहिली. थाळीला उचलून धरणारा वारा समोरून, किंचित उजवीकडून येत होता. ती फिरली, आणि नंतर तिला कधीच नीट सांगता आलं नाही असं काहीतरी झालं. जोर लावल्यासारखं वाटलंच नाही. थाळी सपाट निघाली, वर चढली, आणि उतरायचं नावच घेईना. खाली आली तेव्हा पंच दोन पावलं मागं पळाला. अठ्ठावन्न मीटर बेचाळीस. देशात बायकांपैकी कुणीही तोवर एवढं फेकलं नव्हतं. तिनं स्वतः याच्या दीड मीटर अलीकडंच आयुष्य काढलं होतं.

आकडा जाहीर व्हायच्या आधीच तिनं सवयीनं बाकाकडं मान वळवली. मुलीनं फोनमधून डोकं वर काढलं आणि विचारलं, "ताई, माझी पाळी का?"

नंतर सगळं झालं. हार झाले, हस्तांदोलनं झाली. ऑफिसात साहेबांनी छोटं भाषण केलं, त्यात त्यांनी तिला गोळाफेकीची विजेती म्हटलं. आई म्हणाली, "लांब गेली ना? मग झालं तर." भाऊ म्हणाला, "एक नंबर, ताई!" आणि खरंच आनंदानं म्हणाला. तरीही तिला आठ-दहा दिवस असं वाटत राहिलं की फेक अजून हवेतच आहे, कुणी ती खाली उतरवून घेतलेली नाही. जेवताना हात थांबायचा. शिक्का मारताना पार्सल तसंच पुढं जायचं. अकराव्या दिवशी तिनं क्रीडा संघटनेच्या कारकुनाला फोन केला आणि चष्मेवालीचा पत्ता मागितला.

"कशाला पाहिजे?" कारकून म्हणाला.

"नाडी परत द्यायची आहे," ती म्हणाली. कारकुनानं पत्ता दिला.

बसनं सहा तास लागले. पत्त्यावर काचेचं दुकान होतं. खिडक्यांच्या काचा, आरसे, टेबलावर टाकायच्या जाड काचा भिंतीला टेकवून एकामागं एक उभ्या केलेल्या, मधून जेमतेम माणूस जाईल एवढी वाट. भिंगरी दारातच थबकली. आपलं धिप्पाड अंग तिला एरवी ओझं वाटत नसे, पण तिथं तिनं कोपर पोटाशी धरले आणि पिशवी छातीशी घेतली. आत एक बारीक चणीचा माणूस हिऱ्यानं काच कापत होता. त्यानं वर बघितलं, तिच्या खांद्यांकडं बघितलं, आणि हसला.

"अगं ए," त्यानं आत हाक मारली, "तुझी ती आलीय. बाई, या, पण इथं काही फेकू नका बरं का."

चष्मेवाली आतून आली. हातात जाड कातडी मोजे, चष्मा तोच, पण इलॅस्टिक नाही. तो आता नाकावरून घसरत होता. तिनं भिंगरीला नखशिखांत बघितलं.

"तू?"

"तुम्ही आला नाहीत," भिंगरी म्हणाली. बसमधे जुळवलेलं पहिलं वाक्य हे नव्हतं.

"सोडलं मी. बैस. त्या स्टुलावर नको, ते मोडकंय. इथं."

काचवाल्यानं, म्हणजे तिच्या नवऱ्यानं, चहा आणला आणि शहाण्या माणसासारखा गिऱ्हाइकाकडं माप घ्यायला निघून गेला. दोघी समोरासमोर बसल्या. चारी बाजूंच्या आरशांत आणखी सात-आठ भिंगऱ्या आणि सात-आठ चष्मेवाल्या बसल्या होत्या, सगळ्यांच्या हातात कप.

"दुखापत झाली का?" भिंगरीनं विचारलं.

"छे. ठणठणीत आहे. एका सकाळी उठले आणि सरावाला जावंसं वाटलं नाही. दुसऱ्या दिवशीही वाटलं नाही. म्हटलं, मग झालं. माझ्या दोन्ही मुली म्हणाल्या, आई, तू रविवारी घरी असतेस तेव्हा घर भरल्यासारखं वाटतं." तिनं चहाचा घोट घेतला. "तू का आलीस?"

"मी अठ्ठावन्न बेचाळीस फेकलं."

"वाचलं पेपरात."

"तुम्ही बघायला हवं होतं."

चष्मेवालीनं कप खाली ठेवला. "मी? मी कशाला?"

भिंगरीला आता मागं फिरता येत नव्हतं. ती बोलायला बसली की शब्द मोजूनच काढायची, पण त्या दिवशी तिनं सगळं ओतलं. चष्मा पुसणं, हनुवटी, संत्रं. मास्तर गेल्यावर आपल्याला बघणारं दुसरं कुणी उरलं नव्हतं, हेसुद्धा. "मला वाटायचं, निदान तुम्ही तरी..." ती थांबली.

चष्मेवालीनं मोज्याचा अंगठा ओढला. मग म्हणाली, "खरं सांगू? राग मानू नकोस. मी बघायचे ते तुझी फेक फाऊल जावी म्हणून. चष्मा पुसायचे ते तुझा पाय गोलाच्या बाहेर पडलेला माझ्या नजरेतून सुटू नये म्हणून. अकरा वर्षं, अगं! अकरा वर्षं मी घरी जाऊन एकच शब्द सांगितला. दुसरी. माझ्या धाकटीला वाटायचं, दुसरी हे माझं नावच आहे."

"आणि हनुवटी?"

"ती गेली असेल खाली. चांगली फेक दिसली की मान आपोआप जाते. ती काय माझ्या ताब्यात आहे?"

भिंगरी उठायला लागली. उठताना तिला आधी डावीकडचा आरसा, मग उजवीकडची काच सांभाळावी लागली, त्यामुळं रागानं उठता आलं नाही.

"कितवी फेक?" चष्मेवालीनं खालूनच विचारलं.

"काय?"

"अठ्ठावन्न. कितवी?"

"चौथी."

"वारा?"

"समोरून. थोडा उजवीकडून."

"मग दीड मीटर वाऱ्याचं. बाकी तुझं." चष्मेवालीनं चष्मा वर ढकलला. "डावा पाय वेळेवर पडला?"

"म्हणजे?"

"तुझा डावा पाय कायम उशिरा यायचा. शेवटच्या वळणाला. तो उशिरा टेकायचा म्हणून थाळी जास्त वर जायची आणि पुढं मरायची. दर वर्षी बघत होते. या वेळी तो वेळेवर पडला असणार, त्याशिवाय एवढी जात नाही."

भिंगरी परत खाली बसली. अकरा वर्षं टाकीमागच्या मैदानावर ती खांदा दुखेपर्यंत खांद्यात चूक शोधत आली होती. "मग तेव्हा सांगायचं नाही का?"

"वेडी आहेस का?" चष्मेवाली म्हणाली. "मी का सांगू?"

आणि तिला हसू आलं. आधी नाकातून, मग मोठ्यानं. भिंगरीलाही आलं, पण ती काचांना घाबरून हळू हसली.

जेवून जा असं चष्मेवाली म्हणाली नाही. बसच्या थांब्यापर्यंत मात्र आली. वाटेत मुलींच्या शाळेविषयी बोलली, काचेचे दर वाढल्याविषयी बोलली. बस आली तेव्हा म्हणाली, "बरं झालं आलीस," आणि लगेच वळून चालायला लागली. बस निघेपर्यंत थांबली नाही.

परत आल्यावर भिंगरीनं डावा पाय सुधारायला घेतला. थाळी न घेता, शाळेत असताना करायची तशी नुसती फिरत राहिली. पुढच्या वर्षी वारा पडलेला असताना तिनं सत्तावन्न दहा फेकलं. विक्रम नव्हता, टाळ्याही बेताच्या पडल्या, पण ती फेक काय होती हे तिला ठाऊक होतं. घरी येऊन तिनं एक पोस्टकार्ड घेतलं, वर काचेच्या दुकानाचा पत्ता घातला आणि लिहिलं: 'सत्तावन्न दहा.' मायना नाही, सही नाही. पंधरा दिवसांनी उत्तर आलं. त्यात एकच शब्द होता: 'वारा?' भिंगरीनं लिहिलं: 'नव्हता.' पुन्हा उत्तर: 'मग चांगली.' पार्सल ऑफिसातल्या खणांमधून सगळ्या गावाची पार्सलं तिच्या हातातून जायची, पण स्वतःच्या नावाचं कार्ड खिशात घालून फिरण्याची गोडी तिला पहिल्यांदाच कळली.

त्याच्या पुढच्या वर्षी तिची कंबर गेली. चौदावं विजेतेपद तिनं पट्टा बांधून मिळवलं, चोपन्न मीटरवर, आणि डॉक्टरांनी हात जोडल्यावर थांबली. तेही कार्डावर कळवलं. उत्तर आलं: 'तब्येत सांभाळ.' त्यानंतर लिहायला आकडा उरला नाही. दोघींना आकड्याशिवाय काय लिहायचं ते माहीत नव्हतं. कार्डं बंद झाली.

पुढची पाच वर्षं सांगण्यासारखी नाहीत. आई वारली. खाली भावाची मुलं मोठी होत होती, सुटीच्या दिवशी ती सगळी बाहेर गेली की घरात पंख्याचा आवाज यायचा. ऑफिसात नवी मुलं आली; त्यांना ही बाई कशाची चॅम्पियन होती ते माहीत नव्हतं, पण कपाट सरकवायला ती लागते हे कुणीतरी सांगून ठेवलं होतं. तिचं कुणाशी वाकडं नव्हतं. कुणाशी फारसं सरळही नव्हतं. संध्याकाळी ती चार वस्तू आणायला दुकानात जायची आणि कधीकधी तीनच आणायची, म्हणजे उद्या पुन्हा जाता येईल.

एका दुपारी ऑफिसात तिचा फोन आला.

"मी बोलतेय," पलीकडून आवाज आला. "काचवाल्याचा गुडघा उघडायचाय. तुझ्या गावचा डॉक्टर चांगला आहे म्हणतात. मुली लांब आहेत, दोघी नोकरीला. मला चार दिवस राहायला जागा आहे का?"

"आहे," भिंगरी म्हणाली. जागा आहे की नाही याचा विचार तिनं फोन ठेवल्यावर केला.

त्या संध्याकाळी तिनं एक गादी आणली, उशी आणली. आणि मग लक्षात आलं की आपल्याकडं जेवायची थाळीही एकच आहे. थाळ्या विकत घेताना ती दुकानात एकटीच हसली. दुकानदाराला वाटलं, भाव ऐकून हसतेय.

चष्मेवाली आली ती थेट दवाखान्यातून, नवऱ्याला दाखल करून. केस पांढरे झाले होते. दार लहान होतं, जिना अरुंद होता, आणि खोलीत दोघी एकदम उभ्या राहिल्या तेव्हा खोलीतली हवा संपल्यासारखी वाटली. ओट्याशी एकीला वळायचं असलं की दुसरीला आधी बाहेर जावं लागायचं. पलंग कुणी घ्यायचा यावरून चांगलीच हुज्जत झाली. शेवटी चष्मेवाली म्हणाली, "दुसरी मी. खाली मीच झोपणार," आणि गादीवर जाऊन बसली. सकाळी दोघींनी एकमेकींच्या घोरण्याबद्दल तक्रार केली.

"आणि ते 'तुम्ही' बंद कर आता," चष्मेवाली दात घासता घासता म्हणाली. "माझ्या नवऱ्याला इथं डॉक्टरसुद्धा 'तुम्ही' म्हणत नाही."

दिवसा ती दवाखान्यात असायची. भिंगरी ऑफिसातून सुटून तिकडं जायची. काचवाला पाय वर टांगून पडलेला असायचा आणि भेटायला येणाऱ्या प्रत्येकाला सांगायचा, "दोन्हीकडं एकेक चॅम्पियन उभी आहे. नर्सची हिंमत नाही सुई जोरात टोचायची." मग दोघी चालत घरी यायच्या, स्वयंपाक करायच्या, जेवायच्या. बोलणं फार होत नव्हतं. पण भाजी चिरताना कुणीतरी शेजारी श्वास घेतंय, एवढ्यानंच भिंगरीचा हात हलका चालायचा.

तिसऱ्या दिवशी चष्मेवाली म्हणाली, "तू सराव कुठं करायचीस ते दाखव."

दोघी टाकीमागं गेल्या. मैदान राहिलं नव्हतं. तिथं गोदाम उभं होतं, पत्र्याचं, आणि दाराशी ट्रक लागलेले. पहारेकरी उठून पुढं आला, पण दोघींचा आकार बघून पुन्हा बसला.

"गोल कुठं होता?"

भिंगरीनं अंदाज घेतला. "तो निळा ट्रक आहे ना, त्याच्या मागच्या चाकाखाली."

"आणि पडायची कुठं?"

भिंगरीनं गोदामाच्या पलीकडं बोट दाखवलं. चष्मेवालीनं पदरानं चष्मा पुसला आणि पत्र्याच्या छपरावरून पलीकडं बघत राहिली.

"एकटीच करायचीस? सगळी वर्षं?"

"मास्तर गेल्यावर, हो."

"माझ्याबरोबर तो असायचा," चष्मेवाली म्हणाली. "दुकान बंद करून यायचा, थाळ्या वेचून द्यायचा. गवतात सापडली नाही की मलाच शिव्या घालायचा." मग म्हणाली, "मला कधी सुचलंच नाही की तू एकटी असशील. मला वाटायचं, जिंकणाऱ्या बाईकडं माणसं असणारच."

पहारेकऱ्यानं विचारलं, "कुणाला शोधताय का बाई?" दोघी एकदमच "नाही" म्हणाल्या आणि परत फिरल्या.

पाचव्या दिवशी सकाळी काचवाल्याला सोडलं. कुबड्या, औषधांची पिशवी, गुडघ्याला भलंमोठं बँडेज. दोघींनी त्याला दोन बाजूंनी धरून जवळजवळ उचलूनच बसमधे चढवलं, तो हवेत पाय हलवत कंडक्टरला म्हणाला, "काच आहे, सांभाळून." चष्मेवाली दारात उभी राहिली.

"ये कधीतरी. मुली आल्या की कळवते."

"येईन," भिंगरी म्हणाली. "तू पण ये."

"दुकान सोडून निघणं होत नाही गं."

"तेही खरंच."

या वेळी चष्मेवाली खिडकीशी बसली आणि बस वळेपर्यंत तिचा हात दिसत होता. भिंगरी थांब्यावर अंमळ उभी राहिली. पुढची बस कुठं जाते ते एका म्हाताऱ्यानं विचारलं, ते तिनं सांगितलं. मग घरी आली.

जिन्यात भाऊ भेटला, मुलांची सायकल पुसत बसला होता.

"गेली का गं ताई तुझी मैत्रीण?"

ती त्याला काहीतरी समजावून सांगणार होती. तोंड उघडलंही होतं. मग म्हणाली, "गेली."

वर आल्यावर तिनं खालच्या गादीवरची चादर काढून भिजत टाकली. गादी गुंडाळून पलंगाखाली सरकवायला गेली, पण ती आत जाईना, म्हणून भिंतीला उभी टेकवून ठेवली. घड्याळात साडेदहा वाजले होते. अर्ध्या दिवसाची रजा टाकली होती, ती अजून बरीच उरली होती. तिनं खिडकी उघडली, खुर्ची ओढली, आणि बाराला निघायचं म्हणून ऑफिसचे कपडे कपाटातून काढून ठेवले.